जामीनदाराचं घर

चामराजपेट, बेंगळूरु
रविवार, १८ जानेवारी २०२६

चि. बिंदुमाधव यास,
अण्णाचे अनेक आशीर्वाद.

पत्राला फार उशीर झाला, रागावू नकोस. दिवाळीत तुझा निरोप आला होता, त्याचंही उत्तर दिलं नाही. आधी गुडघ्याने धरलं, मग चष्म्याची काडी मोडली, मग हर्षिताला ताप आला. कारणं सांगत बसलो तर पान भरेल. तू म्हणशील, एवढं आहे तर अण्णा फोन का करत नाही. फोन मी हल्ली कानाला लावत नाही. वाजला की हर्षिता उचलते, कोण काय म्हणालं ते सांगते आणि मी मान हलवतो. म्हणून हे पत्र. माझी मराठी चौथीपर्यंतची, अक्षरं पाय पसरून बसतात. समजून वाच.

सौ. शुभदाची पाठ कशी आहे? सर्जापूर रोडला तुमच्या बिल्डिंगला अजून टँकरचंच पाणी का? तिला म्हणावं, वाकून बादल्या उचलू नकोस.

इकडे ठीक आहे. न्हाणीघराची मागची भिंत ओल धरते आहे, हात लावला की चुना हाताला येतो. गवंड्याला बोलावणार होतो, पण बोलावलं नाही. म्हटलं, घर कुणाचं, भिंत कुणाची. डोक्याचे पेटे बांधायचं काम अजून थोडं थोडं येतं. मागे एका शाळेच्या सत्कारासाठी पाहुण्यांचे पेटे बांधून दिले. जरीचा काठ अजून कपाळावर सरळ येतो. हर्षिता समोर बसून डोकं देते, म्हणजे माप घ्यायला. पाचवीत गेली. उंच होते आहे, आईसारखी.

संक्रांतीला तिने शेजारीपाजारी एळ्ळू-बेल्ला वाटला. परकर पोलकं घातलं, ताट घेतलं आणि सात घरं फिरून आली. तुमच्याकडे यंदा तिळगूळ पाठवला नाही. विसरलो असं समजू नकोस. पाठवला नाही.

कोर्टाचं तू काही विचारलं नाहीस, तरी लिहितो. पुढच्या महिन्यात माझी साक्ष आहे. सरकारी वकीलबाई चांगल्या आहेत, तरुण आहेत, कन्नडमध्ये सावकाश बोलतात. मला "अज्जा" म्हणतात. मी पहिल्यांदा भेटलो तेव्हा "तीनशे दोन" म्हणालो, तर हसल्या. म्हणाल्या, "अज्जा, आता कायदा बदलला, खुनाला एकशे तीन म्हणतात." मी म्हटलं, नंबर बदलला तर बदलू दे, माझी मुलगी तीच आहे ना. मग त्या हसल्या नाहीत.

त्यांना मी सरळ विचारलं, की खुनाला जामीन मिळतोच कसा? मला वाटायचं, चोरीला मिळतो, भांडणाला मिळतो, जीव घेतला की माणूस आत तो आतच. त्या म्हणाल्या, तसं नसतं. मिळणं अवघड असतं, पण मिळतो. जामीन म्हणजे सुटका नव्हे आणि निर्दोष तर मुळीच नव्हे. खटला चालेपर्यंत माणसाला आत ठेवायलाच हवं का, एवढंच न्यायाधीश बघतो. पुरावा वरवर पाहता किती घट्ट आहे, हा पळून जाईल का, साक्षीदारांना घाबरवेल का, आधीचं काही आहे का, खटला किती वर्षं रेंगाळेल. खालच्या कोर्टाने म्हणूनच नाकारला होता, गुन्हा मोठा आहे आणि तपास चालू आहे म्हणून. पुढे तपास संपला, आरोपपत्र गेलं, वर्ष होत आलं तरी साक्षी सुरू होईनात. मग ते हायकोर्टात गेले.

त्या दिवशी मी गेलो होतो. तुला निरोप पाठवला होता, पण तू आला नाहीस. तुझ्या मुलाच्या, मल्हारच्या ऑफिसचं काही होतं म्हणालास. मी एकटाच त्या लाल इमारतीत मागच्या बाकावर बसलो. सगळं इंग्रजीत. आपल्या केसला जेमतेम चहा पिण्याएवढा वेळ लागला असेल. माझ्या नयनाचं नाव एकदाच कानावर आलं, तेही नीट उच्चारलं नाही.

न्यायाधीश काय म्हणाले ते वकीलबाईंनी नंतर समजावलं. डोळ्यांनी पाहिलेलं कुणी नाही. डॉक्टरांचं म्हणणं, डोक्याची जखम ढकलल्यानेही होईल आणि जिन्यावरून घसरल्यानेही होईल. फोनवर आवाज ऐकला तो एका म्हाताऱ्या माणसाने, मुलीच्या बापाने. आरोपीची आई त्या वेळी देवळात होती, हर्षिता शाळेत, घरात तिसरं माणूस नव्हतं. आरोपी इथलाच, नोकरीवाला, आधीचा गुन्हा नाही. म्हणून जामीन, अटी घालून. दर आठवड्याला पोलीस ठाण्यात सही, साक्षीदारांच्या जवळ जायचं नाही आणि शहरात स्वतःचं घर असलेला एक जामीनदार.

घरात तिसरं माणूस नव्हतं. हे वाक्य मी बसमध्ये सगळ्या वाटेने मनात म्हणत आलो. बिंदू, तुला ते वाक्य वाचून काय वाटतं?

*

सोमवार

काल इथवर लिहून थांबलो. हर्षिताला गणित येईना, मला तर कधीच आलं नाही, दोघं मिळून बसलो होतो. आज ती शाळेला गेली आहे.

जामीन मंजूर झाला तरी रवी महिनाभर आतच होता, हे तुला माझ्याहून जास्त ठाऊक असेल. त्याचं बोम्मसंद्राचं घर भाड्याचं, कारखान्यातल्या सोबत्यांपैकी कुणाचं स्वतःचं घर नाही, असलं तर कोण देतो? मग त्याची आई, आपली गोदू, आपल्या लोकांत फिरली. मला सगळं कळत होतं. आपल्या मराठा मंडळात गेली, तिथे आप्पाजींनी तोंडावर सांगितलं, "गोदूबाई, दुसरं काहीही मागा. ज्या पोरीच्या लग्नात आम्ही अक्षता टाकल्या तिच्यासाठी जामीन मागा, देतो. तिच्या मारेकऱ्यासाठी नाही." दोघा-तिघांनी दार लावून घेतलं. मी ऐकलं आणि बऱ्याच दिवसांनी पोटभर जेवलो. हर्षिताला म्हटलं, आपली माणसं आपली आहेत हो.

नोव्हेंबरात एका सकाळी पोलीस आला. तरुण पोरगा, हेल्मेट काखेत. दारात उभा राहून म्हणतो, "बिंदुमाधव राव मने इदेना?" मी म्हटलं, हौदु, घर त्याचंच. घराचा कागद, तो खाता, तुझ्या नावावर आहे ना. आपले बाबा गेले तेव्हा कॉर्पोरेशनच्या खेपा तूच घातल्यास. मला कानडी बोलता येतं पण वाचता येत नाही, म्हणून मी म्हटलं, तुझंच नाव लाव, माझं-तुझं काय वेगळं आहे? तू तेव्हा म्हणाला होतास, "अण्णा, नाव कागदावर, घर तुझं." मला वाटलं घरपट्टीचं काही असेल. मी त्याला आत बसवलं, पाणी दिलं.

तो म्हणाला, कोर्टाने जामीनदाराचा पत्ता तपासायला पाठवलंय.

मी विचारलं, कसला जामीनदार?

"रविकिरण म्हणून आरोपी आहे. खुनाची केस. त्याचे मामा जामीन राहिले आहेत. हे घर लावलंय." मग त्याने भिंतीवर पाहिलं. नयनाचा फोटो, त्याला हार. म्हणाला, "तुम्ही कोण लागता, अज्जा?"

मी म्हटलं, मुलीचा बाप.

तो पोरगा उठून उभा राहिला, बिंदू. परका पोरगा. "अय्यो," म्हणाला आणि हेल्मेट ह्या हातातून त्या हातात करत राहिला. मग हळू आवाजात म्हणाला, "क्षमिसी. मला विचारावंच लागतं. घर त्यांचंच आहे ना? ते इथलेच ना?"

मी काय सांगायला हवं होतं? रोज विचार करतो. नाही म्हटलं असतं तर? हे त्याचं घर नाही, तो सर्जापूर रोडला राहतो, इथे मी राहतो, इथे माझी नात राहते, असं सांगितलं असतं तर? पण पोलिसाला खोटं कसं सांगू? घर तुझ्या नावावर आहे हे खरं. मी हो म्हटलं. माझ्या हो म्हणण्यावर पुढच्या दोन-तीन दिवसांत रवी बाहेर आला. नयनाच्या वर्षश्राद्धाला तो मोकळा होता.

म्हणजे मी ज्या छपराखाली झोपतो ते छप्पर त्याच्या वतीने कोर्टात उभं आहे. तो पळाला तर हे घर जाणार. म्हणून आता मला रात्रंदिवस देवाला हात जोडायचे, की माझ्या पोरीला मारणारा माणूस सुखरूप राहो, दर तारखेला वेळेवर हजर होवो. मंडळातल्या परक्या माणसांनी जे केलं नाही ते तू केलंस. आणि मला सांगितलंही नाहीस. पोलिसाकडून कळलं.

गोदू, तुझी अक्का, रडली असेल. सर्जापूर रोडला येऊन तुझ्या सोफ्यावर बसून रडली असेल, "मला एकच मुलगा आहे रे" म्हणाली असेल. मला ठाऊक आहे ती कशी रडते, लहानपणापासून ऐकतो आहे. तुला तिचं रडणं कधी सहन झालं नाही. पण मलाही एकच मुलगी होती.

आणि परक्याला दिली असती तर गोष्ट वेगळी. आपल्यात आत्याच्या घरी मुलगी देतात, नयनाच्या बारशालाच गोदूने तिला मागून घेतली होती. आपलंच घर, आपलीच माणसं, पोरीला कोण छळणार? रवीच्या लग्नातला पेटा मी बांधला. मामाही मी आणि सासराही मी. मंडपात सगळे हसत होते, की अण्णा स्वतःलाच आहेर करतोय.

आता तुला एक आठवण करून देतो. ती तू विसरला नसशील.

नयना गेली त्या दिवशी बोम्मसंद्राहून पोलीस ठाण्याकडे जाताना आपण दोघं ऑटोत होतो. मी तुला सांगितलं, की नयनाचा फोन आला होता. हर्षिताला शाळेच्या नाचात मुलाचा वेष होता, "अप्पा, छोटासा पेटा बांधाल का, डोक्याचं माप सांगते," असं म्हणत होती. तेवढ्यात रवी ओरडला. मग ती जिन्यात गेली असावी, आवाज घुमायला लागला. "आज तुला खालीच टाकतो," हे मी स्वच्छ ऐकलं. आणि मग गोदूचा आवाज. "रवी, सोड रे तिला, पडेल ती!" गोदू देवळात नव्हती. ती जिन्यात होती. तिने पाहिलं.

तू माझा हात धरलास. म्हणालास, "अण्णा, अक्काचं नाव घेऊ नकोस. तिने अडवलंच होतं ना? तिला ओढलं तर ती ह्या वयात जेलच्या पायरीवरच मरेल. रवीचं मी बघतो. तो बाहेर येणार नाही, हा माझा शब्द. तुझ्या पोरीची शपथ."

मी "सरी, बरं" म्हटलं. मी थोरला, ती माझ्या पाठची, तिला मी कडेवर खेळवलेली. ठाण्यात तू शेजारी बसलास. मी रवीचा आवाज सांगितला आणि गोदूचा गिळला. माझ्या त्या गिळण्यावर हायकोर्टात लिहिलं गेलं, की घरात तिसरं माणूस नव्हतं. आणि जो माणूस मला गप्प बस म्हणाला, तोच घराचे कागद घेऊन कोर्टात गेला. तू माझ्याकडून एक गोष्ट घेतलीस आणि बदल्यात दिलेला शब्द परत नेलास. नयनाची शपथ तिच्यावरच सोडलीस.

हे मी संक्रांतीपर्यंत पोटात ठेवलं. त्या दिवशी हर्षिता ताट घेऊन परत आली आणि दाराशी उभी राहिली, चप्पल काढेना. म्हणाली, "अज्जा, बाबा बेकरीपाशी आहे." मी जाऊन पाहिलं. समोरच्या कोपऱ्यावर पाव खात उभा होता. अंगाने भरला आहे. बेकरीवाल्याने त्याला "इथे कशाला" म्हणून हटकलं, तर सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "मामाचं घर आहे समोर. भाच्याने बघूही नये का?"

तो रस्ता ओलांडून आला नाही. वकीलबाई म्हणाल्या, बेकरीवर उभा राहिला एवढ्याने जामीन रद्द होणार नाही. बोलला, धमकावलं, तर सांगा. पोरीने ताटातला एळ्ळू-बेल्ला त्या दिवशी खाल्ला नाही. शाळेला आता मागच्या गल्लीने जाते.

म्हणून शनिवारी मी वकीलबाईंकडे गेलो आणि सगळं सांगून टाकलं. गोदूचा आवाजही. हे तुला कळावं म्हणून लिहितो, धमकी म्हणून नव्हे. धमकी द्यायला माझ्याकडे काही उरलेलं नाही, जे होतं ते मी देऊन आलो. त्यांनी पेन खाली ठेवलं. म्हणाल्या, "अज्जा, हे आधी का नाही सांगितलंत? साक्षीत आता सांगाल तर त्यांचा वकील म्हणेल, म्हातारा वर्षाने नवीन गोष्ट रचतोय." मी म्हटलं, माझ्या भावाने सांगू नको म्हटलं म्हणून. त्या म्हणाल्या, "भाऊ हे कोर्टात येऊन सांगेल?"

वयाची पंचाहत्तरी उलटली आणि माझा भाऊ खरं सांगेल का, हे मला माहीत नाही. त्यांनी पाण्याचा ग्लास पुढे केला.

मग त्यांनी दुसरी गोष्ट सांगितली. जामीनदाराला कधीही कोर्टात जाऊन म्हणता येतं, की मला आता जामीन राहायचं नाही. मग कोर्ट आरोपीला पकडून आणवतं आणि म्हणतं, दुसरा जामीनदार आण, नाहीतर आत जा. बिंदू, दुसरा नाही. सबंध चामराजपेटेत नाही, हे आपण पाहिलं. तू एकटाच आहेस.

तुला दोन्ही एकाच फेरीत करता येईल. जामीन सोड आणि वकीलबाईंना भेटून सांग, की ऑटोत मी अण्णाला गप्प राहायला सांगितलं. तुला घर सोडवून घ्यायचंय म्हणून कर, हवं तर. घर जाईल अशी शुभदाला भीती वाटते म्हणून कर. माझ्यासाठी करशील असं मला आता वाटत नाही. पण हर्षिताला शाळेच्या सरळ रस्त्याने जाता यावं म्हणून तरी कर.

अजून एक राहिलं. हे मी ऑटोत तुलाही सांगितलं नव्हतं. मला वाटलं होतं, हे माझ्याबरोबरच जाईल. "पडेल ती" म्हटल्यावर आवाज झाला, कसला ते लिहीत नाही. मग शांत झालं. फोन तिच्या हातातून पडला तरी चालूच होता, मी "नयना, नयना" म्हणत होतो. आणि मग गोदू बोलली. रडली नाही. हाका मारल्या नाहीत. अगदी घरातल्यासारखं, गॅस बंद कर म्हणावं तसं म्हणाली, "रवी, तिचा फोन चालू आहे. बंद कर."

माझा आवाज तिला ऐकू येत होता, बिंदू. तिला ठाऊक होतं पलीकडे मी आहे.

म्हणून मी फोन कानाला लावत नाही. म्हणून तूही फोन करू नकोस. दोन ओळी लिही, हो किंवा नाही, किंवा स्वतः ये. तू अजूनही आलास तर दार उघडेन, घर तुझंच आहे. साक्षीच्या आत कळलं पाहिजे, म्हणजे तिथे उभा राहिल्यावर मागच्या बाकाकडे बघायचं की नाही ते मला ठरवता येईल. उशीर करू नकोस रे. लवकर कळव.

जामीनदाराच्या घरात राहणारा,
तुझा अण्णा